‘हॅक लावलाय का रे?’ : शूटिंग गेममधल्या चीटबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

शनिवार-रविवारी एका गेमिंग कॅफेत छोट्या स्पर्धा भरतात, तिथे मी ॲडमिन म्हणून बसतो. काम काय, तर वायरी तपासायच्या, वेळ पाळायची आणि हरलेल्या टीमचं "दादा, त्याने शंभर टक्के हॅक लावलाय" हे शांतपणे ऐकून घ्यायचं. तेच ते प्रश्न इतक्यांदा आलेत, की एकदाचे लिहून ठेवतो.

हॅकर म्हणायचं की चीटर?

लॉबीत, म्हणजे सामन्याआधी खेळाडू जमतात तिथे, सगळे हॅकरच म्हणतात, पण त्या पठ्ठ्याने हॅक काहीच केलेलं नसतं. महिन्याचे पैसे भरून तो दुसऱ्याने लिहिलेला फसवणुकीचा प्रोग्राम, म्हणजे चीट, चालवतो. गेम आतून उलगडून चीट लिहिणारे मोजके, बाकीचे त्यांचे गिऱ्हाईक. नोट्स झेरॉक्स करून आणणाऱ्याला आपण प्राध्यापक म्हणत नाही.

भिंतीपलीकडचा माणूस त्याला दिसतो कसा?

हा प्रश्न नीट समजला की बाकीचे निम्मे आपोआप सुटतात, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

समजा, तुम्ही चौघं चार गावांत बसून रमी खेळताय. डाव पटपट व्हावा म्हणून चौघांचीही पानं प्रत्येकाच्या घरी पाकिटात बंद करून ठेवली आहेत. पाकीट उघडायचं नाही असं ठरलंय, पण पाकीट तुमच्या घरात, दार बंद, बघायला कुणी नाही. ऑनलाइन शूटिंग गेमची रचना थोडीफार अशीच असते. कोण कुठे उभा आहे, कुठे बघतोय, किती जीव शिल्लक आहे, ही माहिती सर्व्हर तुमच्या मशीनला सेकंदाला डझनावारी वेळा पाठवत राहतो. वॅलोरंट या शूटिंग गेमचा सर्व्हर सेकंदाला १२८ वेळा हिशेब करतो. त्यातलं काय दाखवायचं आणि काय भिंतीआड ठेवायचं, हे तुमचं मशीन चित्र काढताना ठरवतं. म्हणजे भिंतीमागचा माणूस तुमच्या रॅममध्ये आधीच आलेला असतो. वॉलहॅक फक्त तिथून त्याचा पत्ता वाचतो आणि पडद्यावर चौकट काढतो.

काउंटर-स्ट्राइक १.६ या जुन्या शूटिंग गेमच्या काळात हे याहून सोपं होतं. गेमच्या फोल्डरमध्ये ग्राफिक्सची एक बदललेली डीएलएल फाइल टाकली की भिंती काचेच्या व्हायच्या. मी कॉलेजात असताना आमच्या कॅफेत एका मशीनवर ती कायम पडून असायची आणि त्या मशीनसाठी रांग लागायची. आम्हाला वाटायचं, त्या खुर्चीला गुण आहे. २००१ साली असूस या कंपनीने तर आपल्या ग्राफिक्स कार्डासोबत भिंती पारदर्शक करणारा ड्रायव्हरच, म्हणजे कार्ड चालवणारं सॉफ्टवेअरच, जाहीर केला होता. खेळाडूंनी ओरड केली नसती तर तेच ‘फीचर’ म्हणून रुळलं असतं.

मग सर्व्हरने माहिती पाठवूच नये ना!

बरोबर मुद्दा आहे, आणि वॅलोरंटने बऱ्याच अंशी तेच केलं. शत्रू दिसायच्या बेतात येईपर्यंत त्याची जागा तुमच्या मशीनला कळवायचीच नाही, अशी त्यांची पद्धत आहे. पण ‘बेतात’ या शब्दातच गोम आहे. माहिती उशिरा पाठवली तर कोपऱ्यावरून माणूस हवेतून प्रकटल्यासारखा दिसेल. म्हणून थोडी आधी पाठवावीच लागते, आणि त्या ‘थोडी आधी’त चीटला फट मिळते. पावलांचा आवाज ऐकवायचा तर तो कुठून येतोय हेही सांगावंच लागतं. त्यात नेट हलकं असेल, पिंग (माहिती सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायचा वेळ) दीडशे मिलिसेकंदांवर गेला असेल, तर फट आणखी रुंद. मोठ्या उघड्या मैदानाच्या बॅटल रोयालमध्ये (शेवटपर्यंत उरेल तो जिंकला, अशा गेममध्ये) तर लांबवरचं दिसायलाच हवं, तिथे हा उपाय फार कामाचा नाही.

एमबॉट म्हणजे नेम आपोआप लागतो, एवढंच ना?

मूळ कल्पना तेवढीच. तुमच्या डोक्याची आणि शत्रूच्या डोक्याची जागा माहीत आहे. मधला कोन काढायला अकरावीची त्रिकोणमिती पुरते. माउस तेवढा वळवायचा, झालं. पण असा एमबॉट दोन मिनिटांत पकडला जातो, कारण माणसाचा हात असा हलत नाही. म्हणून विकले जाणारे चीट मुद्दाम अर्धवट काम करतात. नेम आधीच डोक्याजवळ असेल तरच किंचित ओढायचा, मध्येच एखादी गोळी चुकवायची, हात थरथरल्यासारखं दाखवायचं. शत्रू नेमाखाली आल्याबरोबर फक्त गोळी झाडणारा ट्रिगरबॉट असतो, बंदुकीचा झटका खाली ओढून धरणारी नो-रिकॉइल स्क्रिप्ट असते. गोल गोल फिरत सगळ्यांना मारणारा दिसला, तर तो पकडले जायची पर्वा नसलेला. खरा त्रास तुमच्यापेक्षा ‘जरासाच’ चांगला खेळणाऱ्या चीटरचा असतो.

‘वर्ड डॉट ईएक्सई’ हा काय विनोद आहे? सगळे हसतात.

आपल्यासाठी तो विनोद नव्हता. ऑक्टोबर २०१८, शांघाय. एक्स्ट्रीम्सलँड ही आशियातली काउंटर-स्ट्राइकची स्पर्धा. ऑप्टिक गेमिंग या नावाजलेल्या अमेरिकन संस्थेने भारतीय टीम उभी केली होती, पगारी खेळाडूंची. व्हिएतनामच्या टीमशी सामना चालू असताना संशय आला, आयोजकांचा माणूस ‘फोरसेकन’ या नावाने खेळणाऱ्या खेळाडूच्या मशीनपाशी गेला. फोरसेकनने घाईघाईने प्रोग्राम बंद करायचा प्रयत्न केला. तो क्षण चित्रित झालेला आहे, जगभर पाहिला गेला. नेमाला मदत करणारी जी फाइल मिळाली तिचं नाव होतं वर्ड डॉट ईएक्सई, म्हणजे कुणी पाहिलं तर वाटावं पोरगा अर्ज टाइप करतोय.

टीम बाद झाली आणि ऑप्टिकने ती बरखास्तच केली. ई-स्पोर्ट्समधल्या गैरप्रकारांवर लक्ष ठेवणाऱ्या आयोगाने त्याला पाच वर्षांची बंदी घातली. या खेळाडूवर त्याआधी देशांतर्गत स्पर्धेतही बंदी आलेली होती, तरी तो टीममध्ये होता. लोक त्याच्यावर हसले, पण मला आठवतात ते उरलेले चौघं. एका दुपारी त्यांची नोकरी गेली. पुढे कित्येक महिने परदेशी सर्व्हरवर आपल्यातला कुणी चांगला खेळला की चॅटमध्ये ‘वर्ड डॉट ईएक्सई’ उमटायचं. आमच्या कॅफेतल्या पोरांनाही ते ऐकावं लागलंय.

आणि हे फक्त आपल्याकडे झालं असंही नाही. नोव्हेंबर २०१४ मध्ये ड्रीमहॅक विंटरच्या तोंडावर फ्रान्सच्या टायटन टीमचा ‘केक्यूएलवाय’ आणि एप्सिलॉनचा ‘एसएफ’ यांच्यावर बंदी आली, दोन्ही टीम स्पर्धेबाहेर गेल्या. तेव्हा टायटन जगातल्या वरच्या टीमांपैकी होती.

अँटी-चीट नक्की करतं काय?

पहिली पद्धत पोलिसांच्या फोटो-अल्बमची. माहीत असलेल्या चीटच्या खुणा जमवायच्या आणि मेमरीत तशी खूण दिसते का ते शोधायचं. काउंटर-स्ट्राइकवाल्या व्हॉल्व कंपनीचं व्हॅक हे अँटी-चीट २००२ पासून हे करतंय. चीटवाले खूण बदलतात, व्हॅक नवी शोधतं, असं चालू.

मग चीटवाले एक मजला खाली उतरले, विंडोजच्या गाभ्यात, ज्याला कर्नल म्हणतात. तिथून वरच्या मजल्यावरच्या पहारेकऱ्याला काय दिसावं हेच ते ठरवू लागले. म्हणून पहारेकरीही खाली उतरला. बॅटलआय, ईझी अँटी-चीट, फेसइटचं अँटी-चीट, कॉल ऑफ ड्यूटीचं रिकोशे हे सगळे कर्नलमध्ये ड्रायव्हर बसवतात. वॅलोरंटसोबत २०२० साली आलेलं व्हॅनगार्ड आणखी पुढे गेलं. ते मशीन चालू होतानाच जागं होतं. गेम उघडायच्या आधीच चीट आत येऊन बसला असेल तर नंतर आलेल्या पहारेकऱ्याचा उपयोग नाही, हे त्यामागचं गणित.

म्हणजे ते माझ्या मशीनवर हेरगिरी करतं का?

करू शकतं. करतं असं नाही, पण दाराची किल्ली तुम्ही दिलेली असते. व्हॅनगार्डच्या कंपनीने त्यात मोठी भोकं शोधून देणाऱ्याला एक लाख डॉलरपर्यंत बक्षीस ठेवलं, म्हणजे धोका त्यांनाही मान्य आहे.

काळजी वाटावी असे प्रसंग घडलेले आहेत. २०१३ मध्ये ईएसईए या काउंटर-स्ट्राइक लीगच्या अँटी-चीटमध्ये आतल्याच माणसाने बिटकॉइन काढणारा प्रोग्राम घुसवला. खेळाडूंची ग्राफिक्स कार्डं रात्रभर त्याच्यासाठी राबत होती. सुमारे चौदा हजार मशीन त्यात सापडली आणि न्यू जर्सी राज्याशी कंपनीला दहा लाख डॉलरचा समझोता करावा लागला. २०२२ मध्ये गेन्शिन इम्पॅक्टचा अँटी-चीट ड्रायव्हर चोरट्यांनी स्वतःच्या कामाला लावला. गेम बसवलेला नसलेल्या मशीनवरही तो ड्रायव्हर नेऊन टाकायचा आणि त्याच्या अधिकारांनी अँटिव्हायरस बंद पाडायचा, ही त्यांची युक्ती.

माझं मत विचाराल तर स्पर्धा खेळणाऱ्याने हे स्वीकारावं, कारण त्याशिवाय स्पर्धाच उरत नाही. पण ज्या मशीनवर वडिलांचं जीएसटीचं काम आणि बँकेचे व्यवहार होतात, त्याच मशीनवर हे टाकू नका. दुसरं मशीन परवडत नसेल तर मोबाईलवर खेळा किंवा कॅफेत या. (होय, यात माझा स्वार्थ आहे.)

चीटर पकडला तर तिथल्या तिथे बॅन का करत नाहीत?

कारण तिथल्या तिथे बॅन केलं तर चीट बनवणाऱ्याला लगेच कळतं की कुठला धागा सापडला. आठवडाभर थांबून हजारोंना एकदम उडवलं की त्याला नेमकं कारण लावता येत नाही, आणि पैसे परत मागणारे गिऱ्हाईक एकाच दिवशी त्याच्या दारात उभे राहतात.

कधी कधी सापळाही लावतात. फेब्रुवारी २०२३ मध्ये व्हॉल्वने डोटा २ मध्ये (हा शूटिंग गेम नाही, पण युक्ती तीच) मेमरीत अशा जागी माहिती ठेवली, जिथे नेहमीचा खेळ कधीच वाचायला जात नाही. जे वाचायला गेले ते चोर. चाळीस हजारांहून जास्त खाती गेली. रिकोशेवाले तर खट्याळच आहेत. चीटरला बॅन न करता त्याच्या गोळ्यांचा परिणाम कमी करायचा, इतर खेळाडू त्याला दिसेनासे करायचे, त्याच्या एकट्यालाच दिसणारे खोटे शत्रू सोडायचे, विमानातून उडी मारली की पॅराशूटच उघडू द्यायचं नाही. दुसऱ्याचं दुःख बघून हसू नये असं आई सांगते, पण ते व्हिडिओ बघाच.

निरपराध माणसाला बॅन बसू शकतो का?

बसतो, पण जितके लोक "मी काहीच केलं नाही" म्हणतात त्या मानाने फारच क्वचित. माहीत असलेली दोन मोठी उदाहरणं सांगतो. २०१० मध्ये व्हॅकने मॉडर्न वॉरफेअर २ च्या सुमारे बारा हजार लोकांना चुकून बॅन केलं. व्हॉल्वच्या गेब न्यूएल यांनी माफी मागितली आणि प्रत्येकाला लेफ्ट ४ डेड २ हा गेम फुकट दिला. दुसरं ऑक्टोबर २०२३ चं. एएमडीने आपल्या ड्रायव्हरमध्ये अँटी-लॅग प्लस नावाची सोय दिली. ती गेमच्या फायलींत हात घालून काम करायची, म्हणजे वागणं अगदी चीटसारखं. काउंटर-स्ट्राइक २ मध्ये ती चालू ठेवलेल्यांना बॅन बसू लागले. एएमडीने ड्रायव्हर मागे घेतला, व्हॉल्वने बॅन उठवले.

म्हणून बॅन आलाच तर आधी आठवा : मशीनवर नुकतं काय नवीन टाकलं? आणि घरात भाऊ किंवा मित्र तुमचा आयडी वापरतो का? ‘भावाने केलं’ हे कारण कुठलीच कंपनी ऐकत नाही, खरं असलं तरी.

बीजीएमआयचं काय? आम्ही सगळे मोबाईलवरच खेळतो.

बीजीएमआय, म्हणजे पबजी मोबाईलचं भारतातलं रूप, तिथेही तेच. बदललेली एपीके (ॲप बसवायची) फाइल, कॉन्फिग फाइल, गवत गायब करणं, शत्रूच्या डोक्यावर दुरून दिसणारी उंच काठी (‘अँटेना’) लावणं, गोळी वळवणं. पोरांमध्ये एक मोठा गैरसमज आहे, की कॉन्फिग फाइल म्हणजे चीट नाही, ‘फक्त सेटिंग’. फ्रेमरेट वाढवण्यासाठी म्हणून आलेल्या त्या फाइलीत झटका कमी केलेला असतो हे त्यांना माहीत नसतं, किंवा माहीत असतं. गेमने स्वतःच्या मेनूत जे दिलं नाही ते बाहेरून आणलंत, तर कंपनीच्या लेखी ते चीटच. आणि बंदी फक्त आयडीवर येते असं समजू नका. बीजीएमआयच्या क्राफ्टन कंपनीने डिसेंबर २०२१ पासून आख्खा फोनच बंदीत टाकायला सुरुवात केली. सेकंडहँड फोन घेताना हे लक्षात ठेवा. कॅमेरा तपासतो तसा गेम उघडूनही बघा.

मशीनवर चीटचं सॉफ्टवेअरच नसेल तर पकडणार कसे?

मशीनमध्ये एक कार्ड बसवायचं, ते मेमरी वाचून दुसऱ्या मशीनला पाठवतं; चीट चालतो दुसऱ्या मशीनवर. पहिल्यावर काहीच सापडत नाही. हा डीएमए प्रकार महाग आहे आणि सध्या अँटी-चीटवाल्यांची खरी डोकेदुखी. कन्सोलवर क्रोनससारखी डबी लावून झटका घालवतात, किंवा कंट्रोलरच्या नावाखाली माउस जोडतात. रेनबो सिक्स सीजने २०२३ मध्ये अशा माउसवाल्यांना ओळखून त्यांच्या हालचालीत मुद्दाम उशीर आणायला सुरुवात केली.

रेषा कुठे आखायची हा वादही चालूच असतो. काही कीबोर्डमध्ये डावी-उजवी कळ बदलताना आधीची कळ सुटायची वाट न बघता ती आपोआप सोडून नवी धरण्याची सोय आली. ऑगस्ट २०२४ मध्ये व्हॉल्वने काउंटर-स्ट्राइक २ मध्ये ती चालणार नाही असं सांगितलं. महागडा कीबोर्ड नुकताच घेतलेल्यांची तोंडं त्या आठवड्यात बघण्यासारखी होती.

एखादा फुकटचा चीट सुरक्षित असतो का?

नाही. ‘आधी अँटिव्हायरस बंद करा, मग ॲडमिनच्या अधिकाराने चालवा’ असं सांगणाऱ्या अनोळखी माणसाला तुम्ही घराची किल्ली, तिजोरीची किल्ली आणि घरी नसण्याची वेळ एकदमच देताय. ब्राउझरमधले पासवर्ड, इन्स्टाचं खातं, स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातल्या खात्यावरच्या स्किन (बंदुकांची सजावट) जातात. तक्रार कुणाकडे करणार?

हे विकून कुणी खरंच श्रीमंत होतं का? आणि कायदा काय म्हणतो?

मार्च २०२१ मध्ये चीनच्या कुनशानमध्ये पोलिसांनी टेन्सेंट या चिनी गेम कंपनीच्या मदतीने एक टोळी पकडली. टोळीचं नाव ‘कोंबडीची तंगडी’. कमाई सुमारे ७ कोटी ६० लाख डॉलर. जप्त मालमत्ता ४ कोटी ६० लाख डॉलरची, त्यात आलिशान गाड्या.

दक्षिण कोरियाने २०१६ मध्ये कायदाच बदलला; तिथे चीट बनवणं-वाटणं हा गुन्हा आहे आणि पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. अमेरिकेत कंपन्या दिवाणी दावे लावतात. कॉल ऑफ ड्यूटीच्या ॲक्टिव्हिजन कंपनीला मे २०२४ मध्ये एंजिनओनिंग या चीट विकणाऱ्यांविरुद्ध सुमारे १ कोटी ४५ लाख डॉलरचा निकाल मिळाला. वसुली ही वेगळी गोष्ट. आपल्याकडे २०२५ चा ऑनलाइन गेमिंग कायदा पैसे लावून खेळायच्या गेमवर बंदी घालतो आणि ई-स्पोर्ट्सला मान्यता देतो. कोरियासारखं खास चीटवरचं कलम त्यात नाही.

माझा मुलगा दहावीत आहे. त्याच्या आयडीवर बंदी आली. पोलीस येतील का?

एका काकूंनी फोनवर विचारलेला प्रश्न. नाही येणार, काकू. पण दोन गोष्टी आजच करा. चीटचे पैसे कुठल्या यूपीआयवरून गेले ते बघा, कारण बहुतेकदा तो तुमचाच असतो. आणि ज्या मशीनवर चीट चालवला तिथले सगळे पासवर्ड दुसऱ्या फोनवरून बदला, मशीन फॉरमॅट करा. ओरडायचं असेल तर त्यानंतर. त्याला आयडी गेल्याचं दुःख आधीच भरपूर झालेलं असतं. त्यावर वर्षभर जमवलेलं सामान होतं.

कुणी माझ्या नकळत माझ्यावर चीट लादू शकतं का?

२०२४ पर्यंत मी ‘काहीही काय’ म्हणालो असतो. त्या वर्षी १७ मार्चला एपेक्स लेजेंड्स या शूटिंग गेमच्या उत्तर अमेरिकेतल्या अंतिम फेरीत भर सामन्यात ‘जेनबर्टन’ या खेळाडूच्या पडद्यावर अचानक भिंतीपलीकडचे खेळाडू दिसू लागले, मग ‘इंपीरियलहॅल’ला एमबॉट लागला. दोघंही थेट प्रक्षेपणात ओरडून सांगत होते, की हे आम्ही केलेलं नाही. स्पर्धा थांबवावी लागली. तरी तुमच्या-माझ्या रँकच्या लॉबीत असं कुणी करत नाही. आपण तेवढे मोठे नाही.

समोरचा चीटर आहे हे ओळखायचं कसं?

मारलं कसं हे बघू नका, मारलं नाही तेव्हा तो काय करत होता ते बघा. भारी हेडशॉट नशिबानेही बसतो. पण जिथे कुणी नाही असे कोपरे न तपासता सरळ चालत जाणारा, आवाज न करता मागून येणाऱ्याकडे दर वेळी आधीच वळलेला, भिंतीवर नजर ठेवून पलीकडच्याबरोबर नजर सरकवणारा, हे एका राऊंडला योगायोग असतं, बारा राऊंडला नसतं. आमच्याकडे आलेल्या तक्रारींपैकी बहुतेक तक्रारी डेमो, म्हणजे सामन्याचं रेकॉर्डिंग, बघितल्यावर गळून पडतात. समोरच्याला मॅप पाठ असतो, तुमची पावलं ऐकू आलेली असतात, किंवा तुम्ही तिसऱ्यांदा त्याच खिडकीत उभे असता.

रिपोर्ट मारून काही होतं का?

होतं, फक्त रागाने मारलेल्या रिपोर्टची किंमत कमी. व्हॉल्वच्या जॉन मॅकडोनाल्ड यांनी २०१८ मध्ये आकडे सांगितले होते. खेळाडूंच्या तक्रारींवरून तपासायला आलेल्या प्रकरणांत १५ ते ३० टक्केच दोषी निघायचे. त्यांच्या व्हॅकनेट या संगणकी प्रणालीने निवडलेल्यांत ८० ते ९५ टक्के. तरी मॅच तपासायला पाठवायची कुठली, याची पहिली खूण तुमचाच रिपोर्ट देतो. तेव्हा माराच. फक्त कॅफेत मला हाक मारायच्या आधी डेमो सेव्ह करा आणि राऊंडचा नंबर कागदावर लिहून आणा. ‘तो सारखंच करतोय’ हा नंबर नव्हे.